येसाक्काची आळणी आमटी

एका गावात एक येसाक्का होती. गावच्या देवळातल्या उत्सवाचा महाप्रसाद गेली चाळीस वर्षं तिच्याच हातचा. आणि रोज संध्याकाळी ही बाई टीव्हीपुढे अशी ठिय्या मारायची की विचारू नका! तिचा आवडता कार्यक्रम एकच. माणसं रानात सोडलेली, जवळ एक सुरी नि एक हंडी. मिळेल ते शिजवायचं आणि परीक्षकांना वाढायचं.

सून वैजयंता हसायची. "अक्का, ना वास येतो, ना चव कळते. त्यात बघता तरी काय?"

"अगं, माणसं बघते," अक्का म्हणायची.

उत्सवाच्या आदल्या दिवशी त्या कार्यक्रमात एका पोरीची हंडी कलंडली. सगळी रानभाजी राखेत! पोरीनं परीक्षकांना सरळ सांगितलं, "माझ्या हातून सांडलं." डोळे पुसले आणि उरलेले कंद सोलायला बसली. "वा गं वाघिणी!" अक्का ओरडलीच.

दुसऱ्या दिवशी देवळात आमटीला उकळी फुटली आणि अक्काच्या काळजात धस्स झालं. मीठ घातलं की नाही? काही केल्या आठवेना. नैवेद्याआधी चाखायचं नाही, पण पंगतीची पानं मात्र आधीच वाढायची, ही देवळाची रीत. त्यातून पंच रंगराव महिनाभर म्हणत होते, "अक्का हल्ली विसरतात. पुढच्या वर्षी केटरर सांगू." आता कबूल केलं, तर चाळीस वर्षांचा मान गेलाच म्हणायचा.

वैजयंता कानाशी लागली. "गुपचूप थेंबभर चाखा. कोण बघतंय?"

अक्कानं पळी खाली ठेवली, पदर खोचला आणि पंगतीपुढे जाऊन उभी राहिली. "मंडळी, आमटीत मीठ घातलं की नाही, मला आठवत नाही. नैवेद्य झाला की चाखते. तोवर वाढणार नाही."

पंगतीत कुजबुज झाली. देवानं मुकाट्यानं नैवेद्य घेतला. मग अक्कानं चाखून पाहिलं. आमटी साफ आळणी! तिनं मीठ घातलं, पुन्हा उकळी आणली आणि मगच वाढायला घेतलं.

रंगरावांनी भुरका मारला. अक्का मान खाली घालून उभी.

"केटररला नको सांगायला," रंगराव म्हणाले. "त्याच्याकडून मीठ राहिलं असतं, तर ते आपल्याला घास घेतल्यावर कळलं असतं. पुढच्या वर्षीही अक्काच."

तात्पर्य: दुसऱ्याच्या हिमतीचं ज्याला मनापासून कौतुक वाटतं, त्याच्या अंगी वेळेला तीच हिंमत येते.