‘कट’नंतरची दहा हात फिल्म

कच्च.

फार वर्षांपूर्वी ऐकलेला कात्रीचा तो आवाज अजून माझ्या कानात आहे. कोल्हापुरात हणमंतराव नावाचे एक संकलक होते. फिल्म कापून, जोडून ते सिनेमा उभा करत. चाळीस वर्षं त्यांनी हेच केलं. दिग्दर्शक ‘कट’ म्हणाला, तरी कॅमेरा थांबायला थोडा वेळ जातो. ती शेवटची फिल्म बाकीचे न बघताच टाकून देत. हणमंतराव ती बघून मग टाकत.

एका सिनेमात केरबाअण्णा या म्हाताऱ्या नटाला बापाचं काम मिळालं. मुलगी सासरी निघते तेव्हा त्यांना लांबलचक बोलायचं होतं. पण अण्णा वाक्यं विसरले. जीभ अडखळली. तीनदा चित्रीकरण केलं, तिन्ही वेळा तेच.

निर्माते म्हणाले, “लोक हसतील. प्रसंगच उडवा.”

हे कळल्यावर अण्णा हणमंतरावांच्या खोलीत आले.

“हणमंता, माझी वाक्यं ठेव रे. या खेपेला मोठं काम हाय म्हणून सुनेला सांगून बसलोय.”

“अण्णा, ठेवली तर लोक तुम्हाला हसतील.”

“हसू देत की! पडद्यावर नसण्यापरीस हसलेलं बरं.”



अण्णा गेल्यावर हणमंतरावांनी सगळं पुन्हा पाहिलं. धड वाक्य एकही नव्हतं. मग शेवटची फिल्म आली. ‘कट’ होऊन गेला होता. काम बिघडलं हे अण्णांना कळलं होतं. मग वाकून त्यांनी मुलीच्या शालूला चिकटलेलं कुसळ काढलं, आणि मुठीत धरून तिच्याकडे बघत राहिले.

कच्च. वाक्यं सगळी गेली. ती दहा हात फिल्म राहिली.

निर्मात्यांनी विचारलं, “हे कधी घेतलं?”

“घेतलं नाही. उरलं होतं.”

निर्मात्यांनी ते राहू दिलं.

पहिल्या खेळाला अण्णा सुनेला घेऊन आले. कुसळ निघालं तेव्हा कुणी हसलं नाही. सुनेने पदर डोळ्यांना लावला.

खेळ सुटल्यावर हणमंतराव दाराशी उभे होते. “अण्णा, वाक्यं नाही ठेवता आली.”

अण्णांनी त्यांच्या सदऱ्याला चिकटलेला फिल्मचा कपटा काढला. मुठीत धरला. आणि सुनेबरोबर निघून गेले.

तात्पर्य: दुसऱ्याची चूक काढून टाकताना त्याच्यातलं चांगलं टाकलं जात नाही ना, हे शेवटपर्यंत बघावं.