विहिरीतली भिंत

ही आमच्या वाडीची गोजराबाईची विहीर. जपून वाका. मधोमध भिंत दिसते ना, ती कुणा वेड्याने नाही, दोन शहाण्या सख्ख्या भावांनी बांधली आहे. वैशाखात पाणी खाली गेलं की तिच्या तळाशी पडलेलं भगदाड दिसतं. पाहुणे फोटो काढतात आणि विचारतात, विहिरीची कुठे वाटणी होते का? होते. माणूस हट्टाला पेटला की कशाचीही होते.

मल्हारी थोरला, सटवाजी धाकटा. बाप गेल्यावर घर वाटलं, शेत वाटलं, अडलं ते विहिरीपाशी. असं सांगतात, की पंच तीनदा बसले. थोरल्याने सुचवलेला पंच धाकट्याला चालेना, धाकट्याचा थोरल्याला. पंच कंटाळून उठून गेले. मग विहीर कोरडी असताना दोघांनी तळापासून ही भिंत घातली. तेवढ्यापुरतं मात्र दोघांचं छान जमलं.

पावसाळा सरला आणि कळलं, की झरा राहिला सटवाजीच्या अंगाला, आणि मोटेची धाव, म्हणजे मोट ओढताना बैल चालतात ती उतरण, मल्हारीच्या अंगाला. एकाकडे पाणी, दुसऱ्याकडे ते उपसायची सोय. घागरीने का हळद भिजते? दोघांचंही पीक करपू लागलं, तरी आधी कुणी नमायचं हे ठरेना. इतकी वर्षं ही गोष्ट सांगतोय, पण इथवर आलो की अजून डोकं फिरतं.

गोजरा ही त्यांची एकुलती बहीण, नदीपलीकडे दिलेली. दिवाळी तोंडावर आली तेव्हा ती आली, पण एकाच्याही घरात पाऊल टाकलं नाही. थेट येऊन या भिंतीवर बसली. दोघांना बोलावून म्हणाली, “तुमी येगळं व्हा, माजी ना न्हाई. मला वाटाबी नगो. पन भाऊबीजेला मी कुनाच्या दारात उतरू, तेवढं सांगा. एकाकडं गेले तर दुसरा दार लावनार. मंग माजं म्हायेर कुठं ऱ्हायलं?”

आणि तिने शपथ घेतली म्हणे, की सटवाच्या झऱ्याचं पाणी दादाच्या मोटेने वर येईल, तेच पिईन. नाहीतर इथेच बसेन.

पहिल्या दिवशी सटवाजीने घागर भरून आणली. तिने तोंड फिरवलं. दुसऱ्या दिवशी मल्हारीने नदीचं पाणी आणलं, तेही परत गेलं. तिसऱ्या दिवशी दुपारी तिची मान कलली.

मल्हारी उठला आणि त्याने बैल जुंपले. त्याच्या अंगाला पाण्याचा थेंब नव्हता. मोट खाली गेली, कोरड्या खडकावर आपटली, रिकामी वर आली. त्याने पुन्हा सोडली. पुन्हा रिकामी. तिसऱ्यांदा मोट आपटल्याचा आवाज झाला तसा सटवाजी पहार घेऊन दोराने खाली उतरला आणि कमरभर पाण्यात उभा राहून भिंत फोडू लागला. चौथी मोट भरून आली.

तरी गोजरा लगेच प्यायली नाही. धाव दोघांची, झरा दोघांचा, पाण्याची पाळी चार-चार दिवस, हे तिने दोघांकडून वदवून घेतलं, आणि मगच ओंजळ पुढे केली.

आजही आमच्या वाडीत वाटणी असली की पंच म्हणून घरची लेक बसते, इथेच, या भिंतीवर, आणि तडजोड होईतो पाणी पीत नाही. आता तुम्ही विचारणार, जमतं का? गेल्या साली माझ्या दोन्ही मुलांच्या वाटणीला माझी सुमित्रा बसली. सकाळपासून दिवेलागणीपर्यंत बसली. दोघंही आपापल्या वकिलाला फोन लावत काठावर उभे होते. शेवटी जावईबापू आले आणि तिला हाताला धरून घेऊन गेले.

दिवाळीला तिची वाट बघितली. फोन केला तर म्हणाली, “आबा, आता तुमीच येत जावा हिकडं.”