गिअरबॉक्सचं तेल वाढवलं

गाडीनं गिअर बदलताना असा झटका दिला, की मागच्या सीटवर बसलेल्या जयसिंगराव सरकारांच्या हातातला चहा त्यांच्या पांढऱ्या सदऱ्यावर आला.

"धोंडीराम, गाडी हाकतोस की रेडा?"

"गिअर गाडी आपोआप बदलते, सरकार," ड्रायव्हर धोंडीराम म्हणाला. "मी नुसता स्टिअरिंग धरून असतो."

"मग झटकाही आपोआप जाऊ दे."

हिरडगावचं संस्थान जाऊन जमाना झाला होता, पण लोक जयसिंगरावांना अजून सरकारच म्हणत. गाडी परदेशी बनावटीची, उंच, भारी क्रॉसओव्हर. तालुक्यात तशी दुसरी नव्हती, निदान सरकारांचं म्हणणं तसं होतं. रज्जाक मिस्त्रीनं ती खालून वरून तपासली आणि सांगितलं, "गिअरबॉक्सचं तेल जळून काळं पडलंय. बदलावं लागेल."

"बदलायचं?" सरकारांचा आवाज चढला. "कंपनीच्या पुस्तकात छापलंय, हे तेल गाडीला आयुष्यभर पुरतं. ते बदलायचं म्हणजे गाडीचं आयुष्य..."

पुढचा शब्द सरकारांनी उच्चारला नाही. अशुभ शब्दांची त्यांना भारी धास्ती. त्यांच्या बंगल्यात काही संपत नसे, काही फुटत नसे. एकदा आचारी 'साखर संपली' म्हणाला, तर त्याला बाहेर पाठवून पुन्हा आत बोलावलं आणि 'साखर वाढली' असं म्हणायला लावलं.

"काढायचं नाही, बदलायचं नाही," सरकारांनी हुकूम सोडला. "फार तर तेल वाढवा. मंगळवारी बाईसाहेबांना घेऊन घाटातल्या देवीला जायचंय. तेव्हा झटका बसला, तर धोंडीराम, किल्ली माझ्या हातात दे आणि घरी बस."

सरकार आत गेल्यावर रज्जाकनं कपाळाला हात लावला. "बॉक्स भरलेला आहे. वरून आणखी ओतलं तर आत फेस होईल, आणि बॉक्सच जाईल."

जुनं काढायचं नाही, आणि काढल्याशिवाय नवं मावणार नाही! धोंडीराम घरी येऊन भिंतीला टेकून बसला. त्याची मुलगी सगुणा बंगल्यावर देवघराचं काम बघायची. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"सरकारांचा शब्द नेमका काय होता, बाबा?"

"फार तर तेल वाढवा."

"'वाढवा' असंच म्हणाले? स्वतःच्या तोंडानं?"

"मग काय माझ्या तोंडानं?"

"उठा तर. वाढवू या."

गॅरेजात तिनं काय करायचं ते सांगितलं, तेव्हा रज्जाक दोन पावलं मागं सरला. "पोरी, मला या गावात राहायचंय."

"हुकूम सरकारांचा आहे, चाचा. तुम्ही नट ढिला करा."

नट निघाला आणि काळं, करपट वासाचं तेल घमेल्यात आलं. धोंडीराम पाठ करून उभा राहिला. या बॉक्समधलं तेल एका दमात सगळं निघत नाही. थोडं निघतं, तेवढं नवं भरायचं, गाडी फिरवून आणायची, पुन्हा सोडायचं. असं करता करता शेवटी डाळिंबाच्या रसासारखं लाल तेल खाली आलं, तेव्हा रज्जाकनं बेताचं भरून नट आवळला.

मंगळवारी गाडी घाट चढली ती लोण्यावरून सुरी फिरावी तशी. बाईसाहेबांना चक्क डुलकी लागली. देवीला नारळ वाढवून परत येताना सरकारांनी मुद्दाम गॅरेजपाशी गाडी थांबवली. पूजेचं तबक घेऊन सगुणाही सोबत होतीच.

"काय मिस्त्री, नुसतं वाढवून काम झालं की नाही? उगाच बदला, बदला..."

आणि त्यांची नजर कोपऱ्यातल्या घमेल्यावर गेली.

"हे कुणाच्या गाडीचं?"

रज्जाकनं धोंडीरामाकडे पाहिलं. धोंडीरामानं जमिनीकडे पाहिलं.

"आपल्याच, सरकार," सगुणा म्हणाली.

"माझा हुकूम काय होता?"

"तेल वाढवा."

"आणि तुम्ही ते काढलंत."

"नाही, सरकार. वाढवलं."

"वाढवलेलं तेल गाडीत असतं, मुली. घमेल्यात नसतं."

"आत्ता देवीपुढं सरकारांनी नारळ काय केला?"

"वाढवला."

"मग त्याचं पाणी कुठं गेलं?"

सरकारांनी हात झटकला. "नारळाचं वेगळं. त्यात कुणी पुन्हा पाणी भरत नाही."

"बरं. बाईसाहेबांच्या हातात नव्या बांगड्या आहेत. जुन्या घट्ट झाल्या होत्या, निघत नव्हत्या. कासारणीनं त्यांचं काय केलं?"

सरकारांनी तोंड उघडलं. खरा शब्द अगदी ओठांवर आला होता. बाईसाहेबांनी गाडीच्या काचेतून नुसती भुवई उचलली. सरकारांनी तोंड मिटलं.

"वाढवल्या," ते हळूच म्हणाले.

"आणि मग?"

"नव्या भरल्या."

"आम्ही तेच केलं. जुनं वाढवलं, नवं भरलं. त्याला दुसरा शब्द असलाच, तर तो सरकारांनी उच्चारावा. आमची छाती नाही."

आधी बाईसाहेबांना हसू फुटलं. मग सरकारांना. हसता हसता त्यांचा फेटा कानावर आला.

"उद्यापासून तू गाडी शिकायची," ते म्हणाले. "असली जीभ माझ्या बाजूनं असलेली बरी. आणि धोंडीराम..."

धोंडीरामानं किल्ली पुढं केली.

"बाबांना वाढवू नका, सरकार," सगुणा चटकन म्हणाली. "पगार वाढवा."

"कसा? नारळासारखा?"

"पंगतीत जिलबी वाढतात तसा. पुरे म्हणेपर्यंत!"

सरकारांनी पुन्हा मोठ्यानं हसून किल्ली धोंडीरामाच्याच मुठीत दाबली आणि तिथल्या तिथं पगाराचे आकडे मोठमोठ्यानं चढवायला सुरुवात केली. धोंडीराम शहाणा, 'पुरे' म्हणालाच नाही.