नेक्रासचं पक्कं नाव

खूप खूप उत्तरेला, जिथं भर उन्हाळ्यातसुद्धा आया मुलांना लोकरीचा कोट घालूनच अंगणात सोडतात, तिथं पांढऱ्याशुभ्र सालीच्या बर्च झाडांचं एक मोठं रान होतं. रानाच्या कडेला झुळझुळ ओढा, ओढ्यावर पाणचक्की आणि पाणचक्कीच्या पलीकडे लाकडी घरांचं एक इटुकलं गाव. त्या गावातल्या सगळ्यात लहान, सगळ्यात गळक्या घरात एक मुलगा राहायचा. त्याचे केस मधासारखे सोनेरी, डोळे निळेनिळे, गालावर दोन चिमुकल्या खळ्या. आणि नाव काय, तर नेक्रास! त्या लोकांच्या भाषेत नेक्रास म्हणजे कुरूप.

आता तुम्ही म्हणाल, असल्या गोडुल्या पोराला असलं नाव? अहो, पण आपल्याकडे नाही का बाळाच्या गालाला मुद्दाम काळी तीट लावत? नवसाच्या पोराला धोंडू, दगडू म्हणत? तिथंही तीच तऱ्हा. बाळ जन्मलं की त्याला एक कच्चं नाव द्यायचं, चांगलं ओबडधोबड. म्हणजे दृष्ट लावणारी, दुखणी आणणारी मंडळी खिडकीतून डोकावली, तरी नाव ऐकूनच नाक मुरडून निघून जातील. नेक्रासच्या शेजारच्या एका गुटगुटीत पोराचं नाव लांडगा होतं, आणि तो कोंबडीलासुद्धा घाबरायचा.

मूल सात वर्षांचं झालं की सुगीच्या सणाला गावातले सगळ्यांत वडीलधारे वेलिमीर आजोबा त्याचे केस पहिल्यांदा कापायचे. त्या वेळी आई सगळ्या गावासमोर मोठ्यानं त्याचं पक्कं नाव सांगायची. तोवर ते नाव ती मनात जपून ठेवायची, कोणाला म्हणजे कोणाला सांगायची नाही. पण आईनं ते सांगितलंच नाही, तर कच्चं नावच जन्मभर चिकटायचं.

यंदा नेक्रास सात वर्षांचा झाला होता. पण त्याच्या आईचा, रादमिलाचा, आवाजच गेला होता. गेल्या थंडीत तिला मोठा खोकला झाला. खोकला बरा झाला, पण जाताना आवाज घेऊन गेला. बाबा तर नेक्रास रांगत होता तेव्हाच देवाघरी गेलेले. गावात कोणाला लिहा-वाचायलाही येत नव्हतं. आई दिवसभर हातमोजे विणायची आणि नेक्रासला बोलवायचं झालं की टाळी वाजवायची. कधीकधी ती त्याला जवळ घ्यायची, ओठ हलवायची, आणि नुसतीच वाऱ्याची फुंकर बाहेर यायची. मग दोघंही हसायची, कारण रडून तरी काय करणार!

पाणचक्कीवाल्या स्तानीमीर काकांची मुलगी यागोदा मात्र भारी चिडकी आणि चिडवखोर होती. "नेक्रास म्हातारा होणार," ती गावभर गात फिरायची, "दाढी पांढरी होणार, तरी नेक्रासच राहणार!"

हे ऐकलं की नेक्रास कानांवर हात ठेवायचा. आईनं सात वर्षं जपलेलं आपलं नाव आपल्याला कधीच कळणार नाही, याचंच त्याला फार फार वाईट वाटायचं.

सण जवळ आला तसा एके दिवशी तो रानात अळंबी शोधायला गेला. बर्चची पिवळी पानं सोन्याच्या टिकल्यांसारखी भुरुभुरु खाली येत होती. तेवढ्यात काटेरी जाळीतून कोणीतरी बारीक आवाजात म्हणालं, "अगं आई गं!"

नेक्रासनं वाकून पाहिलं. जाळीत एक इवलीशी परी अडकली होती. त्या देशात परीला वीला म्हणतात. तिचा झगा दवाच्या थेंबांनी चमचमत होता, पंख इंद्रधनुष्याचे होते, आणि तिचे लांबच लांब चंदेरी केस काट्यांमध्ये पार गुंतून गेले होते.

"थांब, माझ्याकडे चाकू आहे," नेक्रास म्हणाला.

"नको रे बाबा!" परी किंचाळली. "वीलाचा एक केस जरी तुटला ना, तरी ती कायमची विझून जाते!"

मग काय, नेक्रासनं चाकू ठेवला खिशात आणि जमिनीवर मांडी घातली. एकेक केस तो अलगद काट्यावरून सोडवू लागला. बोटांना काटे टोचले, पायांना मुंग्या आल्या, ऊन झाडांच्या शेंड्यांवर गेलं. पण त्यानं घाई केली नाही. शेवटचा केस सुटला तेव्हा परीनं अशी काही गिरकी घेतली की सगळ्या रानात चांदीचा भुगा उडाला.

"दमलीस ना?" नेक्रासनं विचारलं आणि खिशातून काळ्या पावाचा तुकडा काढून त्यावर चिमूटभर मीठ टाकलं. "घे. आमच्याकडे पाहुण्याला आधी पाव आणि मीठ देतात."

"मी पाहुणी?"

"मग! तुला याआधी कधी पाहिलं नाही, म्हणजे पाहुणीच की."

परीनं पाव मिटक्या मारत खाल्ला आणि त्याच्या ओंजळीत तीन लालचुटुक चेरी ठेवल्या. "एकेका चेरीमागे एकेक इच्छा. चेरी तोंडात टाकायची आणि मागायचं. पण नियम नीट ऐक हं. स्वतःसाठी मागायचं नाही. आपल्या घरातल्या माणसांसाठीही मागायचं नाही. मागितलंस, की चेरीचा खडा!"

नेक्रासचा चेहरा एवढासा झाला. "पण मला तर आईचा आवाज हवाय! दुसऱ्या कोणाला चेरी दिली, आणि त्यानं माझ्या आईसाठी मागितलं तर?"

"चालेल. मात्र तू तसं सांगायचं नाहीस, सुचवायचंही नाहीस. द्यायची ती नुसतीच द्यायची."

"हा कसला नियम!"

"मी नाही केला रे," परी ओशाळून म्हणाली आणि पानांआड दिसेनाशी झाली.

घरी जाताना नेक्रासनं मनात बेत पक्का केला. शेजारच्या देसांका आजीला चेरी द्यायची. आजीचा आईवर एवढा जीव, ती दुसरं काही मागणारच नाही! पण दारात जातो तो काय, आजी डोळ्यांना रुमाल लावून बसलेली. तिची एकुलती एक शेळी रानात हरवली होती, आणि रानात लांडगे होते. खरेखुरे, कोंबडीला न घाबरणारे. आजीला स्वतःसाठी मागता येणार नव्हतं. नेक्रासनं पटकन एक चेरी तोंडात टाकली आणि तो म्हणाला, "आजीची शेळी सुखरूप घरी येऊ दे." कुंपणापलीकडून लगेच "मेंऽऽ" ऐकू आलं. आजीनं नेक्रासच्या मटामटा पाप्या घेतल्या, आणि दुसऱ्या दिवशी पहाटेच शेळी घेऊन ती लेकीकडे निघून गेली. आता ती येणार होती थेट सणाच्या दिवशी.

दरम्यान ओढा आटला. पाणचक्की थांबली. घरोघरची पिठं संपली आणि स्तानीमीर काका डोक्याला हात लावून पायरीवर बसले. "सणाला गावानं खायचं काय रे पोरा?" ते म्हणाले. त्यांचा चेहरा पाहून नेक्रासला राहवलं नाही. दुसरी चेरीही गेली. निळं, फेसाळ पाणी खळखळा हसत आलं आणि पाणचक्कीचं चाक गरागरा फिरू लागलं.

राहिली एकच चेरी. ती त्यानं डोळ्यांत तेल घालून जपली.

सणाच्या दिवशी सकाळी त्यानं चेरी धुतली, खिडकीत एका बशीत ठेवली आणि तो देसांका आजीची वाट पाहू लागला. तेवढ्यात दारात धापा टाकत उभी राहिली कोण, तर यागोदा!

"वेलिमीर आजोबांनी सांगितलंय, ऊन डोक्यावर यायच्या आत दोघं या," ती म्हणाली. "सगळ्या गावाला निरोप देत पळतेय मी सकाळपासून. पोटात नुसते कावळे ओरडतायत."

आई लगबगीनं उठली. पाहुणी आली होती ना! तिनं फळीवर पाहिलं. स्तानीमीर काका आज पीठ देणार होते, पण ते अजून आलं नव्हतं. फळीवर पाव नव्हता. डब्यात मीठही नव्हतं. आई खालमानेनं उभी राहिली.

यागोदाचं लक्ष बशीकडे गेलं. "अय्या, चेरी! या दिवसांत?"

नेक्रास बशीच्या आड उभा राहिला. ही? जी आपल्याला रोज चिडवते ती? हिला दिली तर आपलं नाव गेलंच! पण मग त्याला वाटलं, ही आपल्या घरी आलीये आणि हिला भूक लागलीये. घरात दुसरं काहीच नाही. त्यानं बशी उचलली आणि तिच्यापुढे धरली. "घे," तो म्हणाला. आणि मग, खोटं कसं वागायचं म्हणून, चेरी कुठून आली, तिचे नियम काय, ते सगळं त्यानं सांगून टाकलं. फक्त एक गोष्ट सांगितली नाही. ती सांगायला जीभ अगदी शिवशिवत होती, तरी त्यानं ओठ घट्ट मिटून घेतले. ऐकणाऱ्या आईच्या डोळ्यांत मात्र टचकन पाणी आलं.

यागोदानं चेरी गालात टाकली. "मला निळ्या रिबिनी आणि... आई गं, दात! कडक व्हायला लागली की! नको नको, मागे घेतलं!" चेरी पुन्हा मऊ झाली. "मग मी मागू तरी कोणासाठी?" ती चिडून पुटपुटली आणि फुगलेला गाल घेऊन तशीच पळून गेली.

गावच्या मोठ्या झाडाखाली सगळे जमले. बायांचे लाल रुमाल, पोरींच्या फुलांच्या टोप्या, गरम पावाचा वास! वेलिमीर आजोबांनी नेक्रासला स्टुलावर बसवलं, त्याची एक सोनेरी बट कापली आणि विचारलं, "रादमिला, लेकाचं नाव काय?"

आईनं ओठ हलवले. फुंकर आली, शब्द नाही.

"रादमिला, लेकाचं नाव सांग."

गर्दीतल्या देसांका आजीला हुंदका आवरेना. आईनं पुन्हा ओठ हलवले, मान वर केली, मुठी आवळल्या. काही म्हणता काही येईना. नेक्रासनं डोळे मिटले. आजोबांनी जड आवाजात सुरुवात केली, "तर मग आजपासून याचं पक्कं नाव ने..."

"थांबा!" गर्दीतून कोणीतरी बोबडं ओरडलं. गालात चेरी असल्यावर बोबडंच ओरडणार! यागोदा लोकांच्या पायांतून घुसत पुढे आली. तिचं नाक लाल झालं होतं आणि डोळे वाहत होते. "काकूंना बोलू दे!" ती म्हणाली आणि तिनं चेरी गटकन गिळून टाकली.

आईनं घसा खाकरला. चांगला मोठा, खणखणीत! ती दचकली, मग हसली, मग बोलली.

"सात वर्षं मी याच्या आजोबांचं नाव मनात धरलं होतं. मोठ्या लढवय्याचं नाव होतं ते. पण आज सकाळी माझ्या लेकानं घरातली शेवटची वस्तू दारी आलेल्या पाहुणीला दिली. ती दिली तर आपलं नाव जाईल हे माहीत असून दिली. म्हणून मी ते नाव बदलतेय. दोब्रो म्हणजे चांगला, गोस्त म्हणजे पाहुणा. पाहुण्याचं भलं करणारा, तो माझा दोब्रोगोस्त!"

"दोब्रोगोस्त!" सगळं गाव एकदम ओरडलं. असलं नाव तोवर कोणीच ऐकलं नव्हतं. यागोदा तर इतक्या जोरात ओरडली की शेजारचा गुटगुटीत लांडगा घाबरून स्टुलामागे लपला.

पुढे त्या मुलुखात आणखी काही आयांनी हे नाव आपल्या लेकांना ठेवलं. पण फार थोड्यांनी. कारण नाव ठेवायचं म्हणजे ते निभवायला हवं. दारी कोण येईल सांगता येत नाही, आणि येईल त्याला आपल्यातलं द्यायचं, हे काही सोपं नाही. म्हणून हे नाव आजही दुर्मिळ आहे, असं त्या गावातल्या आज्या सांगतात. आज्यांवर विश्वास ठेवायचा की नाही, ते तुम्ही ठरवा.

त्या दिवशी संध्याकाळी नवं नाव घेऊन तो मुलगा आईचा हात धरून घरी निघाला होता. आई नुसती बोलत होती, बोलत होती, सात महिन्यांचं सगळं एकदम. रानाच्या कडेला सोनेरी उजेड दिसला. बर्चच्या फांदीवर परी बसली होती, चंदेरी केस नीट वेणीत बांधून.

"तुझ्या घरच्या फळीवर आता पाहुण्यापुरता पाव कायम असेल," ती म्हणाली. "आणि पाहुण्याला पुरलं की घरच्यांनाही पुरतंच, हो ना काकू?"

"पुरतं हो!" आई हसत म्हणाली.

परी वर उठली. तिच्या पंखांतून गुलाबी, निळे, पिवळे कण झरू लागले, उजेड वाढत वाढत इतका लख्ख झाला की त्यात ती दिसेनाशी झाली. फक्त तिचा बारीक, गोड आवाज तेवढा आला, "दोब्रोगोस्त!"

आणि त्यानं, सगळ्या रानाला ऐकू जाईल अशी, पहिल्यांदा आपल्या नावाला ओ दिली.