'म्हणे' गाळलेले व्याख्यान

बालमित्रांनो, ज्या जंगलाची ही गोष्ट आहे, त्याच्या मधोमध एक व्याख्यानगृह होते आणि ते हवेत तरंगत असे. त्याला खांब नव्हते, वरून दोर सोडलेले नव्हते. गुळगुळीत दगडी जमीन आणि वर वेलींचे छत, एवढेच ते होते. मातीपासून ते साधारण दोन हात उंच राही, त्यामुळे लहान प्राणी शेजारच्या खडकावरून त्यात उडी घेत. ते कशामुळे तरंगते, हे कोणालाही सांगता येत नसे. तेथे एक जुना नियम मात्र होता. वक्त्याने स्वतः पाहिलेली गोष्ट सरळ सांगावी आणि ऐकलेली गोष्ट सांगताना वाक्याच्या शेवटी 'म्हणे' हा शब्द जोडावा. हा नियम का केला गेला, याचा सर्वांना विसर पडला होता.

एका उन्हाळ्यात जंगलातला ओढा आटला. पाणी कोठे मिळेल, या विषयावर व्याख्यान देण्यासाठी कोल्ह्याला बोलावण्यात आले. कोल्ह्याचे वक्तृत्व उत्तम होते. परंतु 'म्हणे' हा शब्द त्याला आवडत नसे. "वक्ताच डळमळीत बोलू लागला, तर श्रोत्यांनी विश्वास कोणावर ठेवायचा?" असे तो विचारीत असे. व्याख्यानाला सर्वांत पुढे एक हरिणी बसली होती. तिचे पाडस अवघे आठ दिवसांचे होते. लांब चालण्याचे बळ त्याच्या पायांत फार तर एकदाच पुरेल इतके होते. एक वाट चुकली असती, तर दुसरी धरता आली नसती.

"श्रोतेहो, चिंता सोडा," कोल्ह्याने सुरुवात केली. "डोंगरापलीकडच्या तळ्यात पाणी आहे." त्याच क्षणी व्याख्यानगृह हिसका बसून वीतभर खाली आले.

"अरे, कोण हलले?" टिटवी ओरडली. सगळ्यांच्या माना रानडुकराकडे वळल्या. टिटवीच पुढे म्हणाली, "डुक्करदादा, जरा उतरता का? तुमच्यामुळे अख्खी सभा खाली चालली आहे."

"माझ्यामुळे?" रानडुक्कर म्हणाले. "चार दिवस धड खायला मिळालेले नाही. वाळून निम्मा झालो आहे मी."

"निम्मे झालात तरी आमच्यासारख्या चाळीसजणी तुमच्यात मावतील!" टिटवी म्हणाली आणि सभा हसली. रानडुक्कर खाली उतरले आणि उन्हात जाऊन उभे राहिले.

व्याख्यानगृह मात्र वर आले नाही. कोल्हा पुढे बोलू लागला. "ते पाणी खोल आहे." व्याख्यानगृह आणखी खाली आले. "थंड आहे, आणि दिवसभराच्या चालीवर आहे." आता काठाला वाळलेले गवत लागू लागले.

हरिणी उभी राहिली. रानडुक्कर उतरल्यावर काहीच बदलले नव्हते आणि कोल्ह्याच्या प्रत्येक वाक्याबरोबर जमीन जवळ येत होती, हे तिने नीट पाहिले होते. "गुरुजी, ते तळे आपण स्वतः पाहिले आहे का?" तिने विचारले.

"ताई, शंका व्याख्यान संपल्यावर विचारायच्या असतात."

"व्याख्यान संपल्यावर मला या लेकराला घेऊन निघायचे आहे. म्हणून आत्ताच विचारते."

कोल्हा खाकरला. "मला टिटवीने सांगितले."

"मी 'आहे म्हणे' असे सांगितले होते हो!" टिटवी घाईघाईने म्हणाली. "'म्हणे' तुम्ही गाळलेत. आणि मला तरी कुठे ठाऊक? मला कावळेदादांनी सांगितले."

"मी 'आहे' असे म्हटलेच नव्हते," कावळा फांदीवरून म्हणाला. "हिवाळ्यात तिथे पाणी होते, एवढे मी पाहिले. ते खोल आहे की उथळ, हे वरून उडता उडता कसे कळणार?"

कोल्ह्याने पाडसाकडे पाहिले. ते आईच्या पायावर मान टाकून पडले होते. गोड बोलून वेळ मारून नेणे कोल्ह्याला अवघड नव्हते. पण या वेळी त्याने ते केले नाही. "मी ते तळे पाहिलेले नाही," तो म्हणाला. "हिवाळ्यात त्यात पाणी होते, म्हणे. आज आहे की नाही, हे मला माहीत नाही." व्याख्यानगृह सावकाश वर आले आणि पूर्वीच्या उंचीवर थांबले.

कावळा लगेच डोंगराकडे उडाला. दुपार कलण्यापूर्वी तो परतला. "तळे कोरडे आहे," तो म्हणाला. "तळाच्या भेगेत माझा पाय अडकला." हरिणीने पाडसाला जवळ ओढले. ती तळ्याच्या वाटेला लागली नव्हती, हे बरे झाले. पण पाणीही मिळाले नव्हते.

"माझ्याजवळ सांगण्यासारखे काही उरलेले नाही," कोल्हा म्हणाला. "कोणी स्वतः काही पाहिले असेल, तर कृपया सांगावे. अगदी थोडे असले तरी चालेल."

"मी सांगू का?" उन्हातून रानडुकराचा आवाज आला. "ओढ्याच्या वळणावर, उंबराखाली, सकाळी मी कंद शोधत होतो. हातभर खणल्यावर माती ओली लागली. पाणी लागेलच, असे मी म्हणत नाही. माती ओली होती, एवढे खरे."

"अहो, मग हे मघाशी का नाही सांगितलेत?" टिटवीने विचारले.

"मघाशी तुम्ही मला उतरवत होतात."

टिटवीने मान खाली घातली. सगळे प्राणी उंबराकडे निघाले. रानडुकराने मुसकटाने माती उकरली, कोल्ह्याने ती पंजांनी मागे ओढली. बऱ्याच वेळाने खड्ड्याच्या तळाशी ओंजळभर गढूळ पाणी साचले. पहिला घोट कोणाचा, यावर कोणी वाद घातला नाही. हरिणीने पाडसाला पुढे केले. त्याने ते पाणी संपवले आणि खड्डा पुन्हा भरेपर्यंत तोंड वर काढले नाही.

तात्पर्य : ऐकलेले ते ऐकलेले म्हणूनच सांगावे, कारण आपल्या एका वाक्याच्या भरवशावर कोणीतरी वाटेला लागणार असते.