कंगवा जवळ आला तेव्हा

कपटे बोलायचे तेव्हाची गोष्ट. टेबलावर कागदाचे दोन कपटे होते, थोरला आणि धाकटा. कोरड्या केसांतून फिरून ऋण विद्युतभार घेतलेला कंगवा त्यांच्या जरा वर येऊन थांबला.

"दादा, माझ्या आत काहीतरी सरकतंय!" धाकटा घाबरला.

"वेडा आहेस. आपल्यात धन आणि ऋण सारखंच. आपल्याला कोण ओढणार?"

"पण धन वर चाललंय, ऋण खाली. तुझीही कड उचललीय बघ!"

"वारा असेल," म्हणता म्हणता थोरला कंगव्याला जाऊन चिकटला.

कंगव्याने आपलं थोडं ऋण त्याला दिलं आणि तो आपल्यासारखा होताच त्याला झिडकारून लावलं.

थोरला धाकट्याशेजारी येऊन पडला.

"आलास बाबा!" धाकट्याने सुस्कारा सोडला. तेवढ्यात त्याच्या आतलं धन पुन्हा सरकू लागलं. या वेळी दादाकडे.