ठकूबाईचा विझलेला दिवा

सात सरोवरांच्या देशात कवडसे नावाचे एक गाव होते. तेथे सांजोबा महाराज बारा वर्षे राहिले. तिथल्या सरोवराच्या घाटावर, वरच्या अंगाला एक पांढऱ्या सालीचे झाड होते, त्याखाली महाराज बसत. अंगावर घोंगडी आणि शेजारी पाण्याचा तांब्या, एवढाच त्यांचा संसार! त्या देशी ऐन हिवाळ्यात सूर्य डोंगराआड जातो, तो एकोणीस दिवस तोंड दाखवत नाही. दिवसाही राखेसारखा फिकट उजेड असतो. विसाव्या दिवशी सारे गाव सरोवराच्या घाटावर दिवे लावते आणि सूर्याला परत बोलावते. या सणाला तिकडे ‘सूर्यबोलावणी’ म्हणतात.

सणाचा मान केरोजी दीपनाइकाचा. कोणाचा दिवा कोणत्या पायरीवर ठेवायचा, हे तो ठरवी. माणूस तसा दुष्ट नव्हता, पण चारचौघे हसले की त्याला चेव येई. महाराजांच्या घोंगडीवरही त्याने पुष्कळ विनोद केले होते. त्या वर्षी तर स्वारी फारच खुशीत होती. लेक गोजरा पहिल्या बाळंतपणाला माहेरी येत होती. पैलतीरावरून सकाळीच निघालेली तिची होडी दुपारी घाटाला लागायची होती.

सणाच्या सकाळी दिवे लागत असताना ठकूबाई चाचपडत आली. दोन्ही डोळ्यांनी आंधळी, गोवऱ्या थापून पोट भरणारी म्हातारी. महाराजांवर तिची अपार श्रद्धा. महाराजांनीच तिला सांगितले होते, “ठकूबाई, दिवा घेऊन घाटावर बस. होडी येईपर्यंत उठू नकोस.”

तिच्या हातातली वेडीवाकडी पणती पाहून केरोजी मोठ्याने म्हणाला, “अगं म्हातारे, तुला उजेडाचं काय गं? दिवा जळतोय की विझलाय, हे तरी तुला कळतं का?”

लोक हसले. केरोजीला आणखी चेव आला. त्याने वाकून हळूच फुंकर मारली. ज्योत गेली.

“अहाहा! काय झगमगाट!” तो म्हणाला. “जा, सगळ्यांत खालच्या पायरीवर ठेव.”

हशा उसळला. ठकूबाई म्हणाली, “देव तुमचं भलं करो, नाईक.” एकेक पायरी पायाने चाचपत ती खाली उतरली. पणती ठेवून तिच्याभोवती दोन्ही तळव्यांचा आडोसा करून बसली. विझलेल्या दिव्याला वारा लागू नये म्हणून जपणारी ती म्हातारी पाहून हसणारे आपोआप गप्प झाले. केरोजीने मान फिरवली आणि पुढच्या माणसाचा दिवा हातात घेतला.

दुपार झाली आणि सरोवरातून काळे धुके उठले. त्या देशाचे हे धुके मोठे भयंकर. ज्योत गिळते, आवाजही गिळते. बघता बघता घाटावरचे शेकडो दिवे विझले. पुन्हा लावावे तर वातच पेटेना. शंख फुंकले, तर त्यांचा आवाज चार हातांपलीकडे जाईना. आणि घाटासमोर तर पाण्यात दगडी सुळके! आजवर किती होड्या तिथे फुटल्या असतील!

केरोजी धावत झाडाखाली गेला. “महाराज, माझी लेक पाण्यात आहे हो! दोन जीवांची आहे!”

महाराज म्हणाले, “दिवा दाखवा ना तिला.”

“एकही दिवा टिकत नाही, महाराज.”

“ठकूबाईचा आहे की.”

“तो… तोही विझलाय.”

“कशाने विझला?”

“वाऱ्याने,” केरोजी म्हणाला.

महाराजांनी त्याच्याकडे नुसते पाहिले. त्या नजरेत राग नव्हता. राग असता तर केरोजीला सोसवला असता. लेकीचा जीव टांगणीला लागलेला, आणि आपण अजून स्वतःची अब्रूच झाकतोय! त्याची मान खाली गेली.

इतक्यात खाली गलका झाला. होडी आली! सुळक्यांना बगल देऊन होडी अलगद खालच्या पायरीला लागली होती. केरोजी धडपडत उतरला. गोजरा सुखरूप होती. पण ती बापाकडे आली नाही. ती थेट ठकूबाईपुढे वाकली.

“आजी, तुमच्या दिव्याने वाचलो आम्ही! सगळा अंधार, अन् फक्त तुमचा एक दिवा. तुमचे तळवे लाल दिसत होते उजेडाने. नावाड्याने त्याच्यावरच रोख धरला.”

ठकूबाई गोंधळली. “बाई, माझा दिवा तर सकाळपासून विझलेला आहे गं.”

गोजराने पणतीला हात लावला. पणती थंडगार होती. तेल काठोकाठ तसेच होते.

“कोणी विझवला?” तिने विचारले.

सगळ्यांनी पाहिले होते, सगळे हसले होते. केरोजी गप्प बसला असता तर कोणी त्याचे नाव घेतले नसते. महाराज वरून येऊन मागे उभे राहिले होते.

“मी विझवला,” केरोजी म्हणाला. “लोकांना हसवायला. आणि महाराजांपाशी खोटं बोललो.”

लेकीच्या तोंडाकडे पाहण्याची त्याची हिंमत झाली नाही. तो महाराजांच्या पायांवर पडायला वळला, तर महाराज बाजूला झाले. “इकडे नव्हे,” ते म्हणाले.

तेव्हा त्याने ओल्या पायरीवर गुडघे टेकले आणि ठकूबाईच्या चिखलाने माखलेल्या पायांवर डोके ठेवले. ती दचकली. “कोण ते?”

आंधळीपुढे नुसते वाकून भागत नाही, नावही सांगावे लागते. सारे गाव ऐकत होते.

“मी केरोजी.”

“तुमची फुंकर माझ्या बोटांना लागली होती, नाईक,” ठकूबाई हळूच म्हणाली. “मला कळलं होतं. पण महाराजांनी बसायला सांगितलं होतं, म्हणून बसले.”

म्हणजे तिला सगळे ठाऊक होते! ठाऊक असूनच तिने ‘भलं करो’ म्हटले होते! हे ऐकले आणि केरोजी हुंदके देऊन रडू लागला. डोंगरामागून सूर्याची पहिली तिरीप घाटावर आली. लोकांनी जयजयकार केला. पण केरोजीला वर बघवेना. त्याचे डोके तिच्या पायांवर तसेच होते.